कांद्याच्या भज्यांची बखर

स्मरणिकेसाठी "आपल्या खानदेशच्या इतिहासावर काहीतरी लिहून द्या" असे संपादिकाबाईंनी मला सांगितले, तेव्हा त्यांच्या मनात फारुकी राजे, थाळनेरचा किल्ला, फार तर १९३६ सालची फैजपूरची काँग्रेस असणार. माझे माहेर धुळ्याचे. ज्या गावात इतिहासाचार्य राजवाडे यांनी १९२६ साली देह ठेवला आणि दुसऱ्याच वर्षी त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ उभे राहिले, त्या गावच्या मुलीकडून अशी अपेक्षा करण्यात काही चूक नाही. पण मी लिहिणार आहे कांद्याच्या भज्यांवर. वाचक भगिनींनी हसून पान उलटू नये. कोणत्या किल्ल्याला कोणी वेढा घातला ते पुस्तकांत सापडते; कढईत काय होते, ते कोणी तळले आणि कोणाला खायला मिळाले, हे आपल्यापैकी कोणी लिहिले नाही तर कोठेच सापडायचे नाही.

निमित्त झाले माझ्या नातीचे. गेल्या पावसाळ्यात ती सुट्टीला जळगावला आली आणि एका संध्याकाळी तिने माझ्या स्वयंपाकघराचा ताबा घेतला. कांद्याच्या जाड गोल चकत्या केल्या, त्यांची कडी सुटी केली, मैद्याच्या पातळ पिठात बुडवून पावाच्या चुऱ्यात घोळवली आणि तळली. "आजी, या ऑनियन रिंग्ज. बाहेर फार महाग मिळतात." कुरकुरीत झाली होती, हे कबूल केले पाहिजे. मी तिला म्हटले, "अगं, ही तर आमची कांद्याची भजी, फक्त डाळीच्या पिठाच्या जागी मैदा आला." त्यावर तिने सरळ विचारले, "मग तुमची भजी जुनी की यांच्या रिंग्ज?" मला उत्तर देता आले नाही. पन्नास-साठ वर्षे भजी तळूनही त्यांचे कुळ-मूळ मला ठाऊक नव्हते. तेव्हापासून जे वाचले, आठवले आणि जुन्या बायकांकडून ऐकलेले ताडून पाहिले, ते येथे मांडीत आहे.

इंग्रजांच्या बाजूचे आधी सांगून टाकते, कारण ते थोडे आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अगदी आरंभी लंडनच्या जॉन मोलार्ड नावाच्या आचाऱ्याने लिहिलेल्या पाकपुस्तकात, कांद्याच्या चकत्या पीठ, साय आणि किसलेले चीज यांच्या मिश्रणात बुडवून डुकराच्या चरबीत तळण्याची कृती आहे. अमेरिकेत हा पदार्थ विसाव्या शतकात रस्त्याकडेच्या उपाहारगृहांतून पसरला. टेक्सास प्रांतातले एक उपाहारगृह १९२० च्या दशकात आपणच तो प्रथम केला असे सांगत असे. विलायतेत आज हिंदुस्थानी खाणावळींत 'अनियन भाजी' या नावाने जो गोळा मिळतो, तो मात्र आपल्याच भज्यांचा परदेशी गेलेला भाऊबंद आहे.

आता आपल्याकडचे. कांदा या देशात नवा नाही. मध्य आशियाच्या बाजूने तो फार प्राचीन काळी आला. चरकसंहितेत त्याला पलांडू म्हटले आहे आणि तो कफ वाढविणारा, वात शमविणारा, पचायला जड पण बल देणारा व रुची आणणारा आहे, असे त्याचे गुणदोष सांगितले आहेत. वैद्याने त्याला जागा दिली, पण धर्मशास्त्राने दिली नाही. मनुस्मृतीने लसूण, कांदा आणि अळिंबी एका ओळीत बसवून द्विजांना वर्ज्य ठरविली. चिनी यात्रेकरू ह्यूएनत्संग सातव्या शतकात हिंदुस्थानात आला होता. पुलकेशीच्या महाराष्ट्राचे त्याने वर्णन केले आहे, आणि त्याने ज्या डोंगरातल्या विहाराविषयी लिहिले आहे तो आपल्या जळगावपासून साठ-एक किलोमीटरवरचा अजिंठा असावा, असे विद्वान मानतात. हा गृहस्थ लिहितो की या देशात कांदा-लसूण खाणारे लोक थोडे, आणि जे खातात त्यांना गावकुसाबाहेर घालवितात. मला वाटते, त्याने ज्यांच्या घरी भिक्षा घेतली त्या घरांपुरते ते खरे असेल. गावकुसाबाहेर जे राहत होते त्यांची संख्या थोडी होती, असे त्याला कोणी सांगितले?

तेराव्या शतकात अरणच्या सावता माळ्याने आपल्या मळ्यातल्या भाजीत, कांद्यासकट, विठाई पाहिली. ज्याने शेतात कांदा लावला त्याला तो अपवित्र वाटणे शक्यच नव्हते. आमच्या धुळ्याच्या घरी साक्री भागातली एक बाई उन्हाळ्यात कांदा घेऊन येई. दुपारी ओसरीवर बसून भाकरी सोडी, कांदा जमिनीवर ठेवून मुठीच्या एका बुक्कीने फोडी, मिठाचा खडा आणि तिखट तोंडी लावी. तेच तिचे जेवण. त्याच घराच्या आतल्या चुलीवर मात्र कांदा जाऊ शकत नव्हता. ओसरी आणि माजघर यांच्यात अंतर दहा पावलांचे, पण कांद्याच्या दृष्टीने ते दोन मुलूख होते.

या दोन मुलुखांत वर्षातून एक दिवस तह होई. तो दिवस म्हणजे कांदेनवमी. आषाढ शुद्ध नवमी झाली की दोन दिवसांनी आषाढी एकादशी; तेव्हापासून कार्तिकी एकादशीपर्यंत चातुर्मास, आणि ज्या घरांत एरवी कांदा चालतो त्यांतल्याही पुष्कळ घरांत चार महिने कांदा, लसूण, वांगे बंद. म्हणून नवमीला कांद्याचा निरोपसमारंभ. कांद्याचे थालीपीठ, भरले कांदे, पीठ पेरून भाजी, कांदाभात, कोशिंबीर आणि या सर्वांचा राजा म्हणून भजी. शास्त्रात या दिवसाला काही आधार असेल असे मला वाटत नाही. हा घराघरांतून निघालेला सण आहे. पण शेतीच्या पंचांगाशी तो कसा बेमालूम जुळतो पाहा. चैत्र-वैशाखात काढलेला उन्हाळी कांदा टिकाऊ. तो माळ्यावर किंवा चाळीत पसरून ठेवला की आषाढापर्यंत चांगला राहतो. पावसाची ओल लागली की त्याला कोंब फुटतात, काही सडतो. नवा लाल कांदा, ज्याला शेतकरी पोळ कांदा म्हणतात, तो दसरा-दिवाळीच्या पुढे. मधले महिने कांद्याची ओढाताण. तेव्हा व्रत म्हणून सोडा की टंचाई म्हणून सोडा, सोडावा तर लागतोच. आणि सोडण्याआधी जो कांदा पावसात वाया जाणार तो संपविणे हे शहाणपणाचेच.

खानदेशातल्या सणांच्या ताटात भजी असतातच. आखाजीला पुरणपोळी, आमरस, कुरडया, पापड, सांजोऱ्या आणि भजी. पण ही भजी गिलक्याची असतात, बटाट्याची असतात, ओव्याच्या पानांची असतात. गिलक्याची भजी हा तर आपल्या मुलखाचा अभिमान, पुण्या-मुंबईच्या पाहुणीला ती खाऊ घातली की ती हमखास "हे काय आहे?" म्हणून विचारते. नैवेद्याच्या ताटात कांद्याची भजी कधीच नाहीत. म्हणून कांद्याच्या भज्यांचा इतिहास हा सणांचा इतिहास नव्हे. तो सणाबाहेरच्या दिवसांचा, पावसाळी संध्याकाळचा आणि मागल्या पडवीचा आहे.

मागल्या पडवी म्हटले की मला आत्या आठवते. माझ्या वडिलांची ही थोरली बहीण तेराव्या वर्षी विधवा होऊन माहेरी परत आली आणि पुढे सारा जन्म आमच्या घरी राहिली. मी सांगते आहे तो काळ १९५० च्या आसपासचा. मी तेव्हा आठ-नऊ वर्षांची असेन. आत्याचे केशवपन झालेले, अंगावर लाल आलवण, एकभुक्त राहणारी. कांदा-लसूण तिला जन्माचा बंद. तरी कांदेनवमीची भजी तळण्याचे काम तिचेच असे, कारण तिच्यासारखी कुरकुरीत भजी घरात दुसऱ्या कोणाला जमत नसत. पडवीत निराळी शेगडी मांडायची, निराळी कढई, निराळी परात. सकाळी स्वतःचे जेवण सोवळ्यात उरकून आत्या तेथे बसे. शंभर-दीडशे भजी तळून झाली की विहिरीवर जाऊन पुन्हा स्नान करी. आम्ही मुले पाटावर रांगेने बसून खात असू आणि "आत्या, अजून!" म्हणून ओरडत असू.

एकदा मी विचारले, "आत्या, तू तर चाखत नाहीस. मग मीठ बरोबर झाले ते तुला कसे कळते?"

ती म्हणाली, "मिठाने कांदा किती भिजला ते हाताला कळते, अन् भजी झाली की नाही ते कानाला."

मला ते मोठे चातुर्याचे उत्तर वाटले आणि मी मैत्रिणींना फुशारकीने सांगत सुटले. आत्याला कांदा आवडतच नसावा, अशी माझी समजूत होती. घरात सर्वांचीच होती. मी मॅट्रिकला असताना एका दुपारी आम्ही दोघी कांदे निवडीत बसलो होतो. सडका कांदा बाजूला टाकताना ती सहज बोलून गेली, "माझी आई चुलीच्या आरात अख्खा कांदा भाजायची. वरची साल जळून काळी व्हायची अन् आत नुसती साखर. तेरा वर्षांपर्यंत खाल्ला. चव अजून जिभेवर आहे बघ." एवढे बोलून तिने पुढला कांदा हातात घेतला. विधवाविवाहाचा कायदा १८५६ साली झाला होता. अण्णासाहेब कर्वे यांनी १८९३ साली विधवेशी विवाह करून तीन वर्षांनी अनाथ बालिकाश्रम काढला होता. हे सारे मी तेव्हा शाळेत पाठ केले होते. समोर बसलेल्या बाईच्या ताटात एक भाजलेला कांदा ठेवावा, एवढे मात्र मला सुचले नाही. माझे लग्न होऊन मी जळगावला आले त्याच वर्षी आत्या गेली.

असो. कढईकडे परत येऊ. कांद्याला भजी होण्यासाठी तिघांची सोबत लागते: डाळीचे पीठ, तिखट आणि तेल.

डाळीच्या पिठाची परंपरा जुनी. चालुक्य राजा सोमेश्वर याने बाराव्या शतकात रचविलेल्या 'मानसोल्लास' ग्रंथात डाळींच्या पिठाचे तळलेले पदार्थ वर्णिले आहेत. खानदेशच्या काळ्या जमिनीत रब्बीचा हरभरा चांगला येतो, आणि पुढे जळगावात डाळीच्या गिरण्या इतक्या उभ्या राहिल्या की येथली डाळ देशभर जाऊ लागली. पण भज्यांच्या दृष्टीने गिरणीचे पीठ ही प्रगती आहे असे मला म्हणवत नाही. आत्या डाळीला कडक ऊन देऊन जात्यावर भरड दळीत असे. भरड पिठात बारीक कण राहतात आणि तेच तळल्यावर दाताखाली कुरकुरतात. बाजारातले पुडीतले पीठ पावडरीसारखे मऊ. त्याची भजी गुळगुळीत होतात.

तिखटाची हकीकत अशी की शिवाजी महाराजांच्या पणजोबांच्या पिढीला बहुधा मिरची माहीत नसावी. ती अमेरिकेतली, पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात गोव्याच्या किनाऱ्याला आणली. त्यापूर्वी आपला तिखटपणा मिऱ्यांचा, पिंपळीचा आणि आल्याचा. मिऱ्यासारखी तिखट म्हणून मिरची. आज नंदुरबारची लाल मिरचीची बाजारपेठ पाहणाऱ्याला हे खरे वाटणार नाही. (नंदुरबार १ जुलै १९९८ पासून निराळा जिल्हा झाला, आम्हा जुन्या माणसांच्या तोंडी ते अजून धुळे जिल्ह्यातलेच.)

परंतु भज्यांचा खरा इतिहास तेलाचा आहे. कांदा गरिबाच्या घरी होता, हरभराही होता. तळण मात्र नव्हते. बुडेल एवढे तेल कढईत ओतणे ही चैन होती. जुन्या खानदेशात तेल म्हणजे तिळाचे, करडईचे, जवसाचे. तेल्याच्या बैलघाणीतून निघणारे. कपाशीचा हा मुलूख, अमेरिकेतल्या यादवीच्या वेळी, म्हणजे १८६१ ते १८६५ च्या दरम्यान, येथल्या कापसाला सोन्याचा भाव आला. पण सरकी गुरांच्या पुढ्यात जाई. भुईमूग हाही मिरचीसारखा अमेरिकेतला पाहुणा. विसाव्या शतकाच्या आरंभी त्याच्या नव्या जाती दख्खनभर पसरल्या आणि खानदेशातही शेंगांचे ढीग पडू लागले. मागोमाग तेलाच्या गिरण्या आल्या. घाणीवर दिवसभरात निघे ते तेल गिरणी घटकेत काढू लागली. गांधीजींच्या प्रेरणेने १९३४ साली निघालेल्या अखिल भारत ग्रामोद्योग संघाने घाणीच्या तेलाची बाजू लावून धरली, पण स्वस्ताईपुढे घाणीचे चालले नाही.

याच शेंगदाण्याच्या तेलापोटी आपल्या अमळनेरला एक कारखाना आला, आणि त्याची गोष्ट सांगितल्यावाचून मला राहवत नाही. २९ डिसेंबर १९४५ रोजी महंमद हाशम प्रेमजी यांनी 'वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स' ही कंपनी स्थापन केली. अमळनेरच्या कारखान्यात तेलात हायड्रोजन वायू मिसळून ते घट्ट करीत आणि 'सनफ्लॉवर' नावाचे वनस्पती तूप डब्यांत भरीत. हीच कंपनी पुढे विप्रो या नावाने संगणकाच्या धंद्यात जगभर गेली. अमळनेरच्या कित्येक साध्या घरांनी तिचे भाग घेऊन ठेवले होते, ती पुढे लक्षाधीश-कोट्यधीश झाली. आमच्या घरी भाग नव्हते, फक्त डबा होता. साखर ठेवायला तो उत्तम. वनस्पतीत भजी तळून पाहिली आहेत. गरम असतात तोवर बरी, थंड झाली की टाळूला मेणासारखा थर बसतो. एक गंमत मात्र सांगण्यासारखी आहे. शुद्ध तुपात वनस्पतीची भेसळ ओळखता यावी म्हणून वनस्पतीत शेकडा पाच भाग तिळाचे तेल घालण्याची सक्ती सरकारने केली होती. म्हणजे घाणीवरून हटविलेले तिळाचे तेल मागल्या दाराने परत आले, ते चुगली करायला!

तेल मुबलक झाले तसे १९७० च्या दशकात ते पुन्हा दुर्मिळ झाले. १९७२ च्या दुष्काळाचे वर्ष ज्यांनी पाहिले त्यांना मिलोची लाल भाकरी आणि दुष्काळी कामांवरची सुकडी आठवत असेल. मुंबईत मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर, प्रमिला दंडवते यांनी महागाईविरुद्ध बायकांची संयुक्त समिती उभारली आणि लाटणी हातात घेऊन मोर्चे काढले. वर्तमानपत्रातले ते छायाचित्र मी कापून स्वयंपाकघराच्या फळीवर चिकटविले होते. त्या वर्षी आमच्या घरी कांदेनवमीला तळण झाले नाही. तव्यावर थेंबभर तेल सोडून कांद्याची थालीपिठे लावली. दशकाच्या उत्तरार्धात रेशनच्या दुकानात पामतेल मिळू लागले. रांगेत डबा घेऊन उभे राहायचे. त्याला वास नव्हता, चव नव्हती, थंडीत ते गोठे. पण खोटे कशाला बोलू? ज्या घरांत वर्षातून एकदा कढई चढत असे त्या घरांत ती महिन्यातून एकदा चढू लागली, ती या परक्या तेलामुळेच.

हॉटेलांचे काय, असे कोणी विचारील. चहाचा प्रसार होत गेला तशी चहा आणि भजी ही जोडी जमली. बाजारपेठेत, कोर्टाजवळ, मोटारतळावर कढया चढल्या. धुळ्याला १९०० साली चाळीसगावहून आगगाडी आली, त्यानंतर वर्दळ वाढली. पण हॉटेल ही पुरुषांची जागा. आमच्या लहानपणी घरंदाज बाईने हॉटेलात पाय ठेवणे म्हणजे बोलणी खाणे. पुढे पडदे लावलेल्या 'फॅमिली रूम' आल्या. सासऱ्यांच्या पिढीने बाहेर पानात गुंडाळलेली कांद्याची भजी खुशाल खाल्ली आणि घरी येऊन चातुर्मासही पाळला, हे मी डोळ्यांनी पाहिले आहे. घरातल्या बायकांनी मात्र बाहेरही खाल्ली नाहीत आणि घरातही नाहीत.

आपल्या मंडळाच्या आरंभीच्या वर्षांतली एक गोष्ट जुन्या सभासदांना आठवेल. पहिल्या-दुसऱ्या वर्धापनदिनाच्या अल्पोपाहाराला काय करावे यावर तीन बैठका झाल्या. कोणी म्हणाली कांद्याची भजी. कोणी म्हणाली श्रावण आहे, चालणार नाही. काही भगिनी जैन, त्यांना बारा महिने कांदा वर्ज्य. दोन-तीन वयस्क विधवा सभासद होत्या. त्या काहीच बोलल्या नाहीत. एकीने तर "कांद्यावरून मंडळ फुटायचे" असेही म्हटले. शेवटी दोन कढया मांडल्या: एकीत गिलक्याची, दुसरीत कांद्याची, आणि झारेही निराळे. कोणी कोणत्या कढईतले घ्यावे हे कोणी कोणाला सांगायचे नाही, असे ठरले. कांद्याच्या कढईवर मी होते. गर्दी ओसरल्यावर त्या न बोलणाऱ्या बायकांपैकी एक माझ्यापाशी आली, बशी पुढे केली आणि म्हणाली, "दोन घाल." मी चार घातली. तिने भिंतीकडे तोंड करून उभ्यानेच खाल्ली. तिचे नाव मी येथे लिहीत नाही.

आता कृती, नाहीतर संपादिकाबाई म्हणतील, बखर झाली पण भजी कोठे आहेत? अर्धा किलो कांदे घ्यावेत, शक्यतो उन्हाळी. नव्या लाल कांद्यात पाणी फार. उभे, पातळ चिरावेत आणि बोटांनी पाकळ्या सुट्या कराव्यात. डोळ्यांतून पाणी येते ते पेशी फुटून निघणाऱ्या गंधकयुक्त वायूने. सुरी धारदार असली तर पेशी कमी चिरडतात आणि रडणे कमी होते. मीठ चोळून पाव तास ठेवावे. मीठ कांद्यातले पाणी बाहेर ओढते. भज्यांना लागणारे पाणी तेवढेच, वरून थेंबही घालायचा नाही. आत्या म्हणे ते हाताला कळणे हेच: पाकळी वाकविली तर मोडू नये, नुसती लवावी. मग ओवा, तिखट, हळद, कोथिंबीर आणि भरड डाळीचे पीठ मावेल तसे भुरभुरावे, साधारण दीड वाटी. पिठाने कांदा झाकायचा नाही, एकमेकांना धरून ठेवायचा एवढेच. पुण्याकडे दोन चमचे तांदळाचे पीठ घालतात. आमच्याकडे तांदूळ सणाचा, म्हणून आत्या मूठभर ज्वारीचे पीठ घाली आणि ते मला अधिक आवडते. वर दोन चमचे कडकडीत तेलाचे मोहन. सोडा घालू नये. त्याने भजी फुगतात पण तेल पितात.

तेल असे तापवावे की पिठाचा कण टाकला तर तळाला जाऊन लगेच वर यावा. धूर निघेपर्यंत तापविले तर भजी बाहेरून काळी आणि आत कच्ची राहतात. एका वेळी थोडीच सोडावीत, कारण गर्दी केली की तेल निवते. प्रथम कढईतून मोठा चुरचुराट येतो. तो कांद्यातले पाणी वाफ होऊन बाहेर पडण्याचा आवाज. तो हळूहळू बारीक होतो. बुडबुडे लहान झाले आणि आवाज दूरच्या पावसासारखा वाटू लागला की आच किंचित वाढवून काढावीत. हेच आत्याचे कानाने ओळखणे. काढलेली भजी चाळणीत मोकळी ठेवावीत. डब्यात किंवा झाकणाखाली ठेवली की त्यांचीच वाफ त्यांना मऊ करते. नातीच्या रिंग्जनाही हाच नियम लागू आहे, हे मी तिला दाखवून दिले.

आजचा कांदा फार राजकारणी झाला आहे. १९९८ साली दिल्लीतले राज्य सरकार निवडणुकीत पडले त्यात कांद्याच्या भावाचा हात होता. डिसेंबर २०२३ मध्ये निर्यातबंदी झाली तेव्हा आपल्याकडचे शेतकरी हवालदिल झाले होते. भाव चढला की आपण गृहिणी ओरडतो आणि उतरला की ज्या बायकांनी वाकून रोपे लावली त्यांच्या घरी चूल थंडावते. या दोघींना समोरासमोर बसविणारी सभा मी अजून पाहिलेली नाही. जळगावच्या जैन समूहाच्या कारखान्यात पांढरा कांदा वाळवून परदेशी पाठवितात. त्याला रंग नाही, फारसा वास नाही, वर्ष-वर्ष टिकतो. ह्यूएनत्संगाच्या देशातही आता आपला कांदा जात असेल तर मला नवल वाटणार नाही.

यंदाच्या वर्धापनदिनालाही दोन कढया मांडायचे ठरले आहे. डाळ मी उन्हात घालून ठेवली आहे आणि घरच्या जात्यावर भरड दळून आणीन. कांदे चिरायला मात्र दोघी-तिघी तरुण सभासद हव्यात. माझ्या डोळ्याची शस्त्रक्रिया नुकतीच झाली आहे आणि डॉक्टरांनी मला कांद्यापासून दूर बसायला सांगितले आहे. तळणाजवळ बसायला त्यांची हरकत नाही, मी विचारून घेतले आहे.